हुकूमनामा देव्हाऱ्यांत ठेवूं नका

(गांवच्या शाळेच्या ओट्यावर शेतकरी व कारागीर मंडळींपुढें दिलेलें व्याख्यान)



आज आम्ही मुलांच्या हजेरीबद्दल बोलणार नाहीं, तेव्हां मागें बसलेल्यांनीं उठून जाण्याची घाई करूं नये. आजचा विषय कोर्टाचा आहे. आम्ही वकील नाहीं. ट्रेनिंग कॉलेजांत आम्हांस पाढे कसे शिकवावे, फळ्यावर अक्षर कसें काढावें हें शिकविलें. हुकूमनामा कसा वाचावा हें कोणीं शिकविलें नाहीं. परंतु खेड्यांत ज्याला वाचतां येतें त्याच्याकडे सगळे कागद येतात. बँकेची नोटीस, तलाठ्याचा फेरफार, कोर्टाचें समन्स, सर्व कांहीं आम्हीं याच ओट्यावर वाचून दाखविलें आहे. त्यांतला एक कागद असा निघाला कीं त्याची टोचणी आमच्या मनाला अजून आहे. ती गोष्ट आधीं सांगतों, मग कायद्याकडे वळूं.

२००४ सालचा जून महिना. आम्ही नुकतेच नोकरीला लागलों होतों. एक सुतार म्हातारा व त्याची म्हातारी कागद घेऊन शाळेंत आलीं. रस्त्याकडेची त्यांची अकरा गुंठे जमीन शेजाऱ्यानें बांध कोरीत कोरीत आपल्या रानांत ओढली होती. नऊ वर्षें दावा चालला. म्हातारीच्या अंगावरचें डोरलें वकिलाच्या फीपायीं मोडलें होतें. अखेर कोर्टानें निकाल दिला कीं, जमीन सुताराची आहे आणि प्रतिवादीनें ताबा सोडावा. म्हातारा म्हणाला, "गुरुजी, वाचा बरं मोठ्यानं, हिलाबी ऐकू द्या." आम्हीं वाचलें. म्हातारीनें डोळ्यांस पदर लावला. आम्ही म्हणालों, "आबा, जिंकलात की! पेढे आणा." दुसऱ्या दिवशीं त्यानें खरोखरच पेढे आणले व आम्हीं ते खाल्ले.

पुढें काय झालें तें ऐका. म्हाताऱ्यानें तो हुकूमनामा देव्हाऱ्यांत ठेवला. दसऱ्याला त्यावर आपट्याचें पान वाही, दिवाळीला हळदकुंकू लावी. आणि शेजारी त्या अकरा गुंठ्यांत दर मिरगाला पेरणी करी. कोणी विचारलें तर म्हातारा म्हणे, "कोर्टानं दिलंय, जातंय कुठं? येईल एक दिवस शिपाई अन् देईल काढून." शिपाई कांहीं आला नाहीं. २०१३ सालीं म्हातारा वारला. २०१६ च्या गणपतींत पोरांनीं देव्हारा साफ करतांना तो कागद काढला आणि आमच्याकडे आणला. "गुरुजी, आबांनी लई जपून ठेवलाय. आता काय करायचं?" आम्ही त्यांना घेऊन तालुक्याला एका ओळखीच्या वकिलांकडे गेलों. वकिलांनीं प्रथम कागदावरची तारीख पाहिली, मग आमच्याकडे पाहिलें. हुकूमनाम्याला बारा वर्षें पूर्ण होऊन अडीच महिने झाले होते. अपील कोणीं केलें नव्हतें, दरखास्त कोणीं दिली नव्हती. कागद खरा, सही खरी, शिक्का खरा, पण त्याचा जीव गेलेला. ती जमीन आजही तो शेजारीच पेरतो.

"आबा, आतां दरखास्त करा", हे चार शब्द २००४ सालीं आम्ही बोललों असतों तर ती जमीन त्या पोरांकडे असती. बोललों नाहीं, कारण आम्हांसच ते ठाऊक नव्हते. पेढा मात्र खाल्ला.

मंडळी, दावा आणि दरखास्त हीं दोन वेगळीं कामें आहेत, एवढें आज घरीं घेऊन जा. दाव्यांत कोर्ट सांगतें कीं हक्क कोणाचा. तें सांगून झालें म्हणजे कोर्टाचें तोंड मिटतें. समोरच्यानें हुकूम पाळला कीं नाहीं हें पाहायला न्यायाधीश बांधावर येत नाहीं. त्यानें पाळला नाहीं हें तुम्ही लेखी अर्ज करून कळवायचें, त्या अर्जाला दरखास्त म्हणतात. दरखास्त दिली म्हणजे कोर्टाचा हात हलूं लागतो. नाझराकडून बेलिफ निघतो, वॉरंट निघतें, कुलूप मोडतें. नाहीं दिली तर हुकूमनामा हा कागदच.

हें दुखणें आजचें नाहीं. १८७२ सालीं विलायतेंतील प्रिव्ही कौन्सिलानें एका खटल्यांत स्पष्ट म्हटलें होतें कीं, हिंदुस्थानांतल्या पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हातीं पडल्यावर सुरू होतात. दीडशें वर्षें होऊन गेलीं. मार्च २०२५ मध्यें सुप्रीम कोर्टानें तमिळनाडूंतील एका जमिनीचा खटला निकालांत काढला. साठेखत १९८० सालचें! हुकूमनामा झाला, तो वरपर्यंत कायमही झाला, आणि ताबा घ्यायला गेल्यावर विकणाऱ्यांच्या भाऊबंदांपैकींच मंडळी पुढें आली कीं, आम्ही येथलीं कुळें आहों. त्या निमित्तानें सुप्रीम कोर्टानें देशांतील सर्व हायकोर्टांकडून पडून राहिलेल्या दरखास्तींचा हिशेब मागविला. ऑक्टोबर २०२५ मध्यें तो पुढें आला तेव्हां देशभर ८ लाख ८२ हजारांवर दरखास्ती पडून होत्या, आणि त्यांत सर्वांत मोठा ढीग आपल्या मुंबई हायकोर्टाच्या हुकमतींतला, सुमारें ३ लाख ४१ हजारांचा. हे दरखास्त देऊन ताटकळलेले लोक झाले. आमच्या सुतारासारखे, ज्यांनीं ती दिलीच नाहीं, ते या हिशेबांत कोठेंच नाहींत.

आपल्या लोकांना हुकूमनाम्याची रीत कां कळली नाहीं, याचें एक जुनें कारण आहे. आपल्या आज्यापणज्यांनीं हुकूमनामा पाहिला तो सावकाराच्या हातांत. शेतकरी कोर्टांत हजर नसे, त्याला समन्स वाचतां येत नसे, एकतर्फी हुकूमनामा होई आणि बेलिफ दारांत येऊन बैल सोडी. त्याचा कडेलोट १८७५ सालच्या मे महिन्यांत झाला. पुणें जिल्ह्यांतील सुपें गांवीं लोक उठले, आणि पुणें व नगर जिल्ह्यांत गांवोगांव सावकारांच्या घरांतून खतें व हुकूमनामे काढून जाळले गेले. पुढें १८७९ सालीं दक्षिणेंतील शेतकऱ्यांचा कायदा झाला, त्यानें शेतकऱ्याला पैशाच्या हुकूमनाम्यापायीं तुरुंगांत टाकणें बंद केलें. असो. सांगण्याचा मुद्दा असा कीं, सावकाराला हुकूमनामा कसा वापरावा हें पक्कें ठाऊक होतें. तो तारीख मोजीत असे. आज तोच कागद तुमच्या हातांत, तुमच्या हक्काचा म्हणून येतो, आणि तुम्ही त्याला हळदकुंकू लावतां. ज्यानें लुबाडलें त्याच्याकडून निदान तारीख मोजणें तरी शिकायचें होतें!

आतां तारखांचें बोलूं. हें लक्ष देऊन ऐका. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणें जमिनीचा, घराचा ताबा मिळण्याच्या हुकूमनाम्याला बारा वर्षें मुदत आहे. अपील होऊन निकाल लागला असेल तर वरच्या कोर्टाच्या निकालापासून बारा वर्षें मोजावीं. बारा वर्षें हा आंकडा ऐकून लोक निर्धास्त होतात. पण शेजाऱ्यानें तुमच्या वाटेवर भिंत घातली आणि "ही भिंत पाडून टाक" असा हुकूम कोर्टानें त्याला दिला, तर त्याची मुदत फक्त तीन वर्षें. होय, तीन! हें आम्हीं वकिलांकडून ऐकलें तेव्हां दोनदां विचारून खात्री करून घेतली. उलट "याच्या वहिवाटीला कधींच हरकत करूं नये" असा कायमचा मनाईहुकूम असेल तर त्याला मुदतच नाहीं. वीस वर्षांनीं हरकत केली तरी दरखास्त चालते, आणि हुकूम मोडणाऱ्याची मिळकत जप्त होऊं शकते, त्याला दिवाणी तुरुंगही दाखवितां येतो. आणखी एक कडू गोष्ट. इतर पुष्कळ कामांत उशीर झाला तर आजारपण, अज्ञान, कांहीं कारण सांगून माफी मागतां येते. दरखास्तीला ती सोय नाहीं. मुदतीच्या कायद्याच्या कलम ५ नेंच तें दार बंद केलें आहे. सुताराच्या पोरांनीं बापाचें मरण सांगितलें, गरिबी सांगितली. त्याचा कांहीं उपयोग झाला नाहीं.

म्हणून निकालाच्या दिवशीं पेढ्यांच्या दुकानाकडे वळण्यापूर्वीं नकलेचा अर्ज टाकावा. दोन वर्षांच्या आंत दरखास्त दिली तर आणखी एक फायदा असा कीं समोरच्याला आधीं नोटीस काढण्याचा फेरा सहसा पडत नाहीं. दोन वर्षें उलटलीं, किंवा तो मरून त्याच्या वारसांवर दरखास्त करायची झाली, कीं नोटीस आली. आणि नोटीस म्हटली कीं ती चुकविणें आलें. आमच्या पाहण्यांत एक गृहस्थ नोटीस आली कीं मुंबईच्या मुलाकडे जात आणि परत आले कीं देवळांत कीर्तनाला पुढें बसत.

दुसरा भ्रम अपिलाचा. समोरचा गांवभर सांगत सुटतो, "मी वर अपील केलंय, आता तुझा हुकूमनामा थांबला." थांबला नाहीं. नुसत्या अपिलानें कांहीं थांबत नाहीं. वरच्या कोर्टानें स्थगिती दिली तरच थांबतें. त्याच्याकडे स्थगितीचा कागद मागा. कागद नसेल तर तुमची दरखास्त खुशाल चालूं द्या.

दरखास्तींत मिळकतीचें वर्णन चोख हवें. गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा. पण याची चूक बहुधा दाव्यांतच झालेली असते. दाव्यांत "आमच्या गटांतील अकरा गुंठे" एवढेंच लिहिलें आणि मोजणीचा नकाशा जोडला नाहीं, तर बेलिफ बांधावर उभा राहून विचारतो, कोणते अकरा गुंठे? पूर्वेकडचे कीं पश्चिमेकडचे? त्याला ठरविण्याचा अधिकार नाहीं. तो "जागा निश्चित होत नाहीं" असें लिहून एस.टी. धरतो. दावा लावतांनाच मोजणी करून घ्या, पैसे तेथें खर्च करा. आणि दावा लागतांच त्याची नोटीस सबरजिस्ट्रारकडे नोंदवून ठेवा. आपल्या राज्यांत हा खास नियम आहे. ही नोंद नसली तर दावा चालू असतांना समोरच्यानें जमीन तिसऱ्याला विकली कीं तो तिसरा म्हणतो, मला दाव्याची खबर नव्हती, आणि तुमचा नवा त्रास सुरू होतो.

आतां एका माउलीची गोष्ट सांगतों. ती या सभेंत नाहीं, आणि असती तरी तिचें नांव घेतलें नसतें. जात कुंभाराची, नवरा गेलेला. दिरानें राहत्या घराच्या दोन खोल्या व आव्याची जागा बळकावली. चाक फिरवायचें कोठें आणि मडकीं भाजायचीं कोठें? तिनें दावा केला, जिंकली, आणि सहा महिन्यांत दरखास्त दिली. बेलिफ आला त्या दिवशीं दिरानें खोलीला कुलूप घातलें होतें आणि आंत आपल्या मेहुण्याला बसविलें होतें. मेहुण्यानें खिडकींतून भाडेपावती दाखविली कीं, "मी भाडेकरू, माझ्यावर हुकूमनामा नाहीं." बेलिफ परत गेला. गांवांतल्या शहाण्यांनीं तिला सल्ला दिला कीं, आतां मेहुण्यावर नवा दावा लाव. म्हणजे आणखी दहा वर्षें!

ती आमच्याकडे रडत आली. सुताराचें आठवून त्या दिवशीं आम्ही शाळा सुटतांच मोटारसायकल काढली. वकिलांनीं सांगितलें तें तुम्ही गांठीं बांधून ठेवा. ताब्याला कोणीं अडथळा केला तर तीस दिवसांच्या आंत त्याच कोर्टांत, त्याच दरखास्तींत अर्ज करायचा. दिवाणी कायद्याच्या एकविसाव्या ऑर्डरींतील नियम ९७ तो हाच. अडथळा करणाराचा हक्क खरा कीं खोटा, हें दरखास्तीचें कोर्टच ठरवितें. वेगळा दावा लावायचा नाहीं, असें १९७६ च्या दुरुस्तीनें ठरलेलें आहे. तिचा अर्ज एकोणिसाव्या दिवशीं पडला. मेहुण्याची भाडेपावती उलटतपासणींत टिकली नाहीं. खोलीचें दार कोणत्या दिशेला आहे हेंही त्याला धड सांगतां येईना. कोर्टानें अडथळा दूर करण्याचा हुकूम दिला, पोलीस बंदोबस्त दिला, आणि जरूर तर कुलूप मोडण्याची परवानगी दिली. तसा अधिकार कायद्यांतच आहे. चौदा महिने लागले. पण मिळालें.

त्या दिवशीं काय झालें तें सांगतांना आम्हांला लाज वाटते. बेलिफ, दोन पोलीस आणि ती बाई दारांत उभी. पंचनाम्याला दोन माणसें हवीं होतीं. सकाळीं चावडीवर पंधरा जण बसले होते. बेलिफाची गाडी दिसतांच चावडी ओस पडली. एकाला रानांत पाणी सोडायचें आठवलें, एकाच्या पोटांत दुखूं लागलें. पाटीलकीच्या गप्पा मारणारे दोघे तर घरांत जाऊन दार लावून बसले. शेवटीं एक हजाम आणि एक मुसलमान तांबोळी, दोघे पंच म्हणून उभे राहिले. हजामाला पुढें सहा महिने त्या आळींतून कोणीं दाढीला बोलाविलें नाहीं. कोर्टाला शिव्या देणें सोपें आहे, मंडळी. कोर्ट उशीर करतें, खरें आहे. २०२१ सालीं सुप्रीम कोर्टानें सांगितलें कीं दरखास्त सहा महिन्यांत निकालीं काढावी, आणि ढीग किती आहे तो आम्हीं सांगितलाच. पण बेलिफ गांवांत आल्यावर खरें काय घडलें एवढ्यावर सही करायला गांव पुढें येत नाहीं, हा दोष कोणत्या कोर्टाचा?

ताबा मिळाल्यावर तिनें एक शहाणपण केलें. ताबापावतीची व पंचनाम्याची नक्कल घेतली, आणि तिसऱ्याच दिवशीं ग्रामपंचायतींत नोंदीचा अर्ज दिला. शेतजमीन असेल तर तलाठ्याकडे असाच अर्ज द्यावा. कोर्टांत जिंकून सातबाऱ्यावर दुसऱ्याचेंच नांव राहिलेलीं घरें आम्हीं पाहिलीं आहेत.

भावांच्या वाटणीचा प्रकार निराळा आहे. सारा भरणाऱ्या शेतजमिनीचे हिस्से कोर्ट ठरवितें, पण प्रत्यक्ष तुकडे पाडण्याचें काम दिवाणी कायद्याच्या कलम ५४ नें कलेक्टरकडे दिलें आहे. तेथून तहसीलदार, तेथून मोजणीखातें. प्रत्येक टेबलावर कागद झोपतो, आणि तुम्ही समजतां कीं कोर्टांत काम चालू आहे. कागद कोणत्या टेबलावर आहे हें महिन्याच्या महिन्याला जाऊन पाहा, पोच मागा. विशेषतः मुलींनो, हें तुमच्यासाठीं. २००५ च्या दुरुस्तीनें मुलगी जन्मतःच वडिलार्जित मिळकतीची वाटेकरी झाली, आणि २००५ पूर्वीं बाप वारला असला तरी तिचा हक्क बुडत नाहीं असा खुलासा सुप्रीम कोर्टानें ऑगस्ट २०२० मध्यें केला. पण तिसरा हिस्सा कागदावर लिहिला म्हणजे तिसऱ्या हिश्श्याचा बांध पडला असें नव्हे. भाऊ राखीला साडी देतो आणि मोजणीच्या दिवशीं गांवाला जातो, अशीं घरें याच पंचक्रोशींत आहेत.

पंचांपुढें आपसांत मिटविलें तर फार उत्तम, आम्ही त्याच्या विरुद्ध नाहीं. मात्र हुकूमनामा झाल्यावर केलेली तडजोड कोर्टांत नोंदवा. देवळांत बेलभंडार उचलला, पैसे दिले घेतले, आणि कोर्टाला कळविलें नाहीं, तर दरखास्तीचें कोर्ट ती तडजोड मानीत नाहीं. ज्यानें पैसे दिले त्यानें तीस दिवसांत अर्ज करून नोंद करून घ्यावी. नाहींतर एकाच बांधाचे दोनदां पैसे द्यावे लागतात.

हरलेल्यांनाही एक शब्द. पैशाचा हुकूमनामा तुमच्यावर झाला तरी कारागिराचीं हत्यारें, शेतकऱ्याचीं औतें, जरूर तेवढे बैल व बियाणें, आणि शेतकऱ्याचें किंवा मजुराचें राहतें घर, यांवर सामान्यतः जप्ती येत नाहीं. कलम ६० वाचून घ्या. मात्र जमीन दुसऱ्याची ठरली असेल तर मेहुणे बसवूं नका.

खर्चाचें म्हणाल तर बायकांना, अनुसूचित जातिजमातींना आणि थोड्या उत्पन्नाच्या माणसांना तालुका विधी सेवा समितीकडून वकील फुकट मिळतो. १९८७ चा कायदा आहे. बाईला त्यासाठीं उत्पन्नाचा दाखलाही लागत नाहीं. दरखास्त कोठवर आली हें मोबाईलवर ई-कोर्टांत पाहतां येतें. तें नववीचीं पोरें आजोबांना दाखवूं शकतील, आम्ही त्यांना शिकविलें आहे.

फार वेळ झाला. येत्या सोमवारपासून शाळा सुटल्यावर आम्ही तासभर याच ओट्यावर बसणार आहों. ज्यांच्या घरीं पेटींत, उतरंडींत, देव्हाऱ्यांत हुकूमनामा असेल त्यांनीं तो घेऊन यावें. आम्ही दुसरें कांहीं करणार नाहीं; तारीख वाचूं, बारा मिळवूं, आणि भिंत पाडण्याचा हुकूम असेल तर तीन मिळवूं. त्या दोन तारखा एका चिठ्ठीवर लिहून देऊं, ती चिठ्ठी वकिलाकडे न्यावी. सुताराचा धाकटा मुलगा आमच्यासोबत बसणार आहे. चिठ्ठ्या तोच लिहीन म्हणाला.